संगणकाच्या आवाजाचे दुभाषे

१६७४ साली शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाच्या वेळी इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडेन रायगडावर आला होता, हे पुष्कळांना ठाऊक असते. त्याच्या वतीने दरबाराशी बोलणारा नारायण शेणवी मात्र फार थोड्यांना ठाऊक असतो. दुभाष्याचे नेहमी असेच होते. तहाच्या कागदावर दोन्ही पक्षांची नावे उमटतात. ज्याच्या तोंडून दोन्ही पक्ष बोलले, त्याचे नाव समासातसुद्धा सापडत नाही. पण तो नसता तर बोलणेच खुंटले असते.

आज ज्यांच्याविषयी बोलावयाचे आहे, तेही दुभाषेच. फक्त ती माणसे नव्हेत. त्या आहेत संगणकातल्या लहान लहान फायली. टेबलावरच्या जुन्या संगणकातून आवाज निघावा म्हणून त्या लागत. प्रोग्रामचे म्हणणे यंत्राला कळेल अशा भाषेत सांगणाऱ्या फायलीला ड्रायव्हर म्हणतात. येथे ड्रायव्हर म्हणजे गाडी हाकणारा नव्हे, बरं का! आणि ग्रंथालयातले एकच पुस्तक जसे अनेक वाचक नेतात, तशी एकदा लिहून ठेवलेली कामे अनेक प्रोग्रामांनी उसनी घ्यावीत, अशा संग्रहाला लायब्ररी म्हणतात. या फायलींचा इतिहास चाळीसएक वर्षांचाच आहे. पण तेवढ्यात त्यांनी उदय पाहिला, भरभराट पाहिली आणि हलाखीही पाहिली.

आरंभी दुभाष्याची गरजच नव्हती. १२ ऑगस्ट १९८१ रोजी अमेरिकेत आयबीएम कंपनीने आपला पहिला पर्सनल कॉम्प्युटर जाहीर केला. तो कचेरीतल्या कामासाठी होता. हिशेब करावा, पत्रे लिहावीत. त्याला गाणे कशाला? त्याच्या पोटात एक छोटासा स्पीकर बसवला होता आणि एका टायमर चिपच्या तालावर तो चालू-बंद होई. एका वेळी एकच सूर, आणि त्याचा आवाजही लहानमोठा करण्याची सोय नाही. चूक झाली की 'पी' करायचे, एवढाच त्याचा संसार. सगळ्या यंत्रांत तोच स्पीकर आणि त्याच जागी, म्हणून प्रोग्राम लिहिणारा थेट त्याच्याशी बोले.

हे चित्र १९८७ मध्ये पालटले, आणि तेही कॅनडातल्या क्वेबेक शहरातून. तेथे मार्टिन प्रेव्हेल नावाचे गृहस्थ होते. ते पूर्वी लाव्हाल विद्यापीठात संगीताचे प्राध्यापक होते. त्यांच्या ॲडलिब या कंपनीने संगणकात खोचावयाचे एक संगीताचे कार्ड बाजारात आणले. त्यावर यामाहा या जपानी कंपनीची वायएम-३८१२ नावाची चिप होती. तिच्यामागचे तत्त्व अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठातले. एका ध्वनिलहरीने दुसरीची कंपनसंख्या झपाट्याने हलवली तर साध्या सुरांतून घंटेचे, पितळी वाद्यांचे, हरतऱ्हेचे नाद निघतात, हे जॉन चाउनिंग यांना तेथे १९६७ मध्ये आढळले. यामाहाने ते तत्त्व परवान्यावर घेतले आणि १९८३ मध्ये डीएक्स-७ हे वाद्य काढले. त्याच कल्पनेची स्वस्त आवृत्ती ॲडलिबच्या कार्डावर आली. एकाच वेळी नऊ आवाज! 'पी' करणाऱ्या यंत्राच्या मानाने हा वाद्यवृंदच म्हणायचा.

आता खरी पंचाईत झाली. या चिपला सूर काढायला सांगणे म्हणजे 'सा लाव' म्हणणे नव्हे. नवांपैकी कोणता आवाज, किती कंपनांचा, किती वेगाने चढणारा, किती हळू विरणारा, हे सगळे आकड्यांत मांडून चिपच्या ठराविक खणांत टाकावे लागे. ॲडलिबचे दार ३८८ या पत्त्यावर होते. (हा आकडा संगणकाच्या षोडशमान पद्धतीतला आहे.) त्याच वर्षी जपानच्या रोलंड कंपनीची एमटी-३२ ही पेटी निघाली. तिची भाषा अगदी वेगळी: तिला 'अमुक वाद्याचा तमुक स्वर वाजव' असा मिडी पद्धतीचा निरोप चाले. आणि ज्याच्याकडे यांतले काहीच नाही, त्याचा जुना स्पीकर होताच. म्हणजे एकाच घरात तीन पाहुणे आणि तिघांच्या तीन बोली.

संगणकावरचे खेळ तयार करणाऱ्यांना या अडचणीतून वाट काढणे भाग पडले. अमेरिकेतल्या सिएरा कंपनीने १९८८ मध्ये 'किंग्ज क्वेस्ट ४' हा खेळ काढला. त्याचे संगीत विल्यम गोल्डस्टीन या व्यावसायिक संगीतकाराकडून करून घेतलेले होते, आणि ते नव्या कार्डांवरही वाजे आणि जुन्या स्पीकरवरही. ते कसे? सिएराने त्या काळच्या आपल्या खेळांत संगीत एकीकडे ठेवले आणि वाजवणारे दुभाषे दुसरीकडे. फ्लॉपीवर एडीएल.डीआरव्ही ही फाइल ॲडलिबसाठी, एमटी३२.डीआरव्ही रोलंडसाठी आणि एसटीडी.डीआरव्ही साध्या स्पीकरसाठी. खेळ बसवताना आपल्याकडे काय आहे ते सांगायचे, की त्या जातीचा दुभाष्या कामाला लागे. आकाराने या फायली अगदी चिमुकल्या. पण संगीतकार आणि ऐकणारा यांच्यामध्ये त्यांच्यावाचून पूल नव्हता.

१९८९ मध्ये सिंगापूरचे सिम वाँग हू या मैदानात पुढे आले. त्यांच्या क्रिएटिव्ह कंपनीने 'साउंड ब्लास्टर' नावाचे कार्ड आणले. ॲडलिबची चिप यामाहाने विकायला काढलेली होती. ती कोणीही घ्यावी. क्रिएटिव्हने तीच घेतली, म्हणून ॲडलिबसाठी लिहिलेला प्रत्येक खेळ या नव्या कार्डावर पहिल्या दिवसापासून वाजू लागला. वर माणसाचा ध्वनिमुद्रित आवाज काढण्याची सोय होती आणि खेळाची दांडी जोडायला जागाही होती. असे असता ग्राहकाने जुन्याकडे का जावे? १९९२ मध्ये ॲडलिबचे दिवाळे निघाले. ॲडलिब बुडाली, पण तिची बोली साऱ्या बाजाराची बोली होऊन बसली.

साउंड ब्लास्टरचा दुभाष्याही प्रसिद्ध होता. त्याचे नाव सीटी-व्हॉइस.डीआरव्ही. खेळ लिहिणारे ही फाइल संगणकाच्या स्मृतीत चढवत आणि 'एवढा आवाज वाजव', 'आता थांब' अशा हाका तिला मारीत. कार्ड कोठे बसले आहे, ते मात्र सांगावे लागे. त्या काळी ज्यांनी संगणक हाताळला त्यांना ऑटोएक्झेक.बॅट या फायलीतली 'सेट ब्लास्टर = ए२२० आय५ डी१' अशी ओळ आठवेल. ए म्हणजे पत्ता. आय म्हणजे काम झाले की कार्डाने प्रोसेसरला ज्या तारेवरून हाक द्यायची तिचा क्रमांक. आणि डी म्हणजे स्मृतीतून थेट माल उचलण्याची वाट. त्यातली ७ क्रमांकाची तार एरवी छपाईयंत्राच्या वाट्याची. कार्डानेही तीच धरली तर दोघांत भांडण लागे. खेळाच्या मांडणीच्या वेळी पडद्यावर 'आवाज ऐकू आला का?' असा प्रश्न येई, आणि कित्येक घरांत त्याचे उत्तर मिळेपर्यंत मध्यरात्र होई.

कार्डांच्या जाती वाढत चालल्या, तसा दुभाषे पुरवणे हा एक धंदाच झाला. जॉन माइल्स यांनी ऑडिओ इंटरफेस लायब्ररी तयार केली. तीच पुढे 'माइल्स साउंड सिस्टिम' म्हणून गाजली. जॉन रॅटक्लिफ यांचे डिजपॅक आणि मिडपॅक होते. पॉल राडेक यांची डीएमएक्स होती. खेळ करणाऱ्याने पैसे भरून परवाना घ्यायचा आणि लायब्ररी आपल्या खेळाला जोडायची. डझनावारी कार्डांशी कसे बोलायचे ही चिंता मग लायब्ररीवाल्याची. सोय उत्तम होती. तिची किंमत पुढे कळली.

याच सुमारास राज्यकारभाराची पद्धतही बदलत होती. एप्रिल १९९२ मध्ये मायक्रोसॉफ्टची विंडोज ३.१ आली. तिच्यात एमएमसिस्टम.डीएलएल नावाची लायब्ररी होती. 'हा आवाज वाजव' अशी विनंती प्रत्येक प्रोग्रामने हिच्याकडे करायची, आणि हिने ती कार्डाच्या ड्रायव्हरकडे पोचवायची. म्हणजे दर खेळामागे दहा दुभाषे बाळगण्याचे कारण उरले नाही. सगळ्या संगणकाला मिळून एक पुरे. ऑगस्ट १९९५ मध्ये विंडोज ९५ आल्यावर ही पद्धत सर्वत्र रुळली.

या बदलात एक गोष्ट मात्र चटकन कोणाच्या ध्यानात आली नाही. डॉसच्या काळात दुभाष्या खेळाच्या बिऱ्हाडात राहत होता. खेळाची फ्लॉपी जपली की त्यासोबत तोही जपला जाई. विंडोजच्या काळात तो सरकारी नोकर झाला. त्याचे बिऱ्हाड वेगळ्या चकतीवर, त्याची निष्ठा विंडोजच्या विशिष्ट आवृत्तीशी, आणि पोशिंदा म्हणजे कार्ड करणारी कंपनी. राज्य बदलले किंवा पोशिंदा बुडाला, की त्याची नोकरी गेली. इतिहासाच्या विद्यार्थ्याला हे काही नवे नाही. पेशवाई संपल्यावर मोडीत पत्रे लिहिणाऱ्या कारकुनांचे काय झाले, ते आपल्याला ठाऊक आहे.

पोशिंदा बुडाला तर काय होते, याचे ठळक उदाहरण ऑरियल या कॅलिफोर्नियातल्या कंपनीचे. तिच्या कार्डांवर आवाज समोरून, मागून, वरून आल्यासारखा भासे. १९९८ च्या 'व्हॉर्टेक्स २' या तिच्या चिपची तर ख्याती अशी की, खेळातल्या भिंतींवर आपटून ध्वनी कसा परतेल याचेही ती गणित करी. क्रिएटिव्हने तिच्यावर पेटंटचा दावा लावला. डिसेंबर १९९९ मध्ये ऑरियल खटला जिंकली. पण खर्चाने इतकी खंगली होती की एप्रिल २००० मध्ये तिने दिवाळे जाहीर केले, आणि त्याच वर्षाच्या सप्टेंबरात तिची मालमत्ता प्रतिस्पर्धी क्रिएटिव्हनेच विकत घेतली. लोकांच्या घरची कार्डे ठणठणीत होती, पण त्यांचे ड्रायव्हर पुढे लिहिणारे कोणी उरले नाही. लिनक्ससाठी हौशी मंडळींनी चिपचे वागणे निरखून, तर्काने एकेक खण ओळखून, नवा ड्रायव्हर रचला. तो पुढे लिनक्सच्या अधिकृत ध्वनिसंचात दाखल झाला. एखाद्या लुप्त लिपीचा उलगडा करावा, तसे हे काम. फरक एवढाच की येथे लिपी विसरायला शतके लागली नाहीत. एक दिवाळे पुरले.

आणि राज्य बदलले तर? जानेवारी २००७ मध्ये विंडोज व्हिस्टा सर्वांसाठी विक्रीस आली. आवाजाची व्यवस्था तिच्यात मुळापासून नवी होती. डायरेक्टसाउंड या लायब्ररीमार्फत खेळ कार्डाच्या अंगच्या करामतींपर्यंत पोचत, ती वाट बंद झाली. क्रिएटिव्हला जुन्या हाका दुसऱ्या वाटेने फिरवणारा एक वेगळा प्रोग्राम द्यावा लागला. कंपनीचे नवे ड्रायव्हर ग्राहकांच्या मनास येईनात. तेव्हा ब्राझीलमधल्या एका हौशी जाणकाराने ते दुरुस्त करून लोकांना देण्यास आरंभ केला. मार्च २००८ मध्ये कंपनीने त्याला जाहीरपणे थांबण्यास सांगितले, तसा ग्राहकांत मोठाच गदारोळ उठला आणि कंपनीला नरमाई घ्यावी लागली. कायद्याने पाहता फायली कंपनीच्या होत्या. कार्ड मात्र विकलेले होते, आणि दुभाष्यावाचून ते मुके होते. विकत घेतलेल्या वस्तूबरोबर तिचा दुभाष्याही आपला होतो की नाही, हा प्रश्न तेव्हा पुढे आला आणि अजून तो पुरता सुटलेला नाही.

याहून बोलकी हकीकत 'डूम' या खेळाची. टेक्ससच्या इड सॉफ्टवेअरचा हा खेळ १० डिसेंबर १९९३ रोजी बाहेर पडला आणि जगभर गाजला. चार वर्षांनी, २३ डिसेंबर १९९७ रोजी, कंपनीने मोठ्या मनाने त्याची मूळ संहिता, म्हणजे प्रोग्राम ज्या भाषेत लिहिला ती सगळी टाचणे, लोकांना खुली केली. पण ज्या डॉसवर खेळ जगाने खेळला, ती संहिता देता आली नाही. द्यावी लागली लिनक्सची. कारण डॉसच्या आवृत्तीत राडेक यांची डीएमएक्स लायब्ररी गुंफलेली होती, आणि ती परवान्यावर घेतलेली, दुसऱ्याची मालमत्ता. दुसऱ्याची ध्वनी-लायब्ररी वापरणे ही चूकच झाली, आता आपण आपली लिहितो, असे जॉन कारमॅक यांनी सोबतच्या टिपणात नमूद केले. यात राडेक यांचा दोष नाही. तो त्यांचा चरितार्थ होता आणि व्यवहाराची रीतच ती होती. परंतु परिणाम पाहा. राक्षस, चक्रव्यूह, बंदुका, सगळे दान देता आले. आवाज देता आला नाही. पुष्कळ वर्षांनंतर हौशी मंडळींनी दुसरी एक खुली झालेली ध्वनी-लायब्ररी घेतली, तिला डीएमएक्सच्या हाका समजतील असा अंगरखा घातला, आणि डॉसवरचा डूम नव्या संहितेतून पुन्हा बोलता झाला. माइल्स यांनी मात्र आपल्या लायब्ररीच्या जुन्या डॉस आवृत्तीची संहिता पुढे स्वतःच खुली केली. मनात आणले तर हेही होऊ शकते.

आपल्याकडे या इतिहासाचे अवशेष कपाटांत पडलेले आहेत. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून सुटे भाग आणून जोडलेल्या संगणकाबरोबर खोक्यात एक चकती येई; तिच्यावर मदरबोर्डाचे आणि आवाजाचे ड्रायव्हर असत. संगणक चालू लागला की चकती कोठेतरी जाई. पुढे विंडोज पुन्हा बसवायची वेळ आली की घर मुके. जुना खेळ लावावा, तर 'एमएसएस३२.डीएलएल सापडत नाही' असा निरोप पडद्यावर येई. ही फाइल म्हणजे माइल्स यांचीच लायब्ररी, विंडोजच्या वेषात. ती खेळाबरोबर, खेळाच्याच फोल्डरात येते. वेगवेगळ्या खेळांत तिच्या आवृत्त्या वेगळ्या. एकीची दुसऱ्याला चालेलच असे नाही. तरी लोक ती इंटरनेटवर कोठूनही उतरवून घेतात, आणि अशा अनोळखी दारांतून फायलीच्या नावाखाली पुष्कळदा रोग घरात शिरतो. हरवलेल्या दुभाष्याच्या जागी दारावरचा कोणीही इसम बसवू नये. मूळ चकतीवरून खेळ नव्याने बसवावा, हेच शहाणपणाचे.

आता या कथेतली सर्वांत नवलाची गोष्ट सांगतो. आज नव्या संगणकात साउंड ब्लास्टरचे ते जुने कार्ड बसवायला खाचच नाही. तरीही १९८८-८९ चे खेळ आज त्यांच्या मूळ संगीतासह वाजतात. २००२ पासून उपलब्ध असलेला डॉसबॉक्स हा मोफत प्रोग्राम नव्या संगणकाच्या पोटात एक काल्पनिक जुना संगणक उभा करतो. त्यात कार्डही काल्पनिक: पत्ता २२०, तार ७, वाट १. एडीएल.डीआरव्हीसारखी फाइल आजही ३८८ या पत्त्यावर आपले आकडे टाकते. समोर चिप नसते. डॉसबॉक्स ते आकडे झेलतो, यामाहाच्या चिपने काय नाद काढला असता याचे गणित करतो आणि तो नाद आपल्याला ऐकवतो. यजमान जाऊन कित्येक वर्षे झाली. दुभाष्या अजून इमानाने निरोप पोचवतो आहे. जानेवारी २०१५ मध्ये इंटरनेट अर्काइव्ह या संस्थेने डॉसचे सुमारे २,४०० खेळ याच युक्तीने कोणालाही ब्राउझरमध्ये खेळता येतील असे मांडून ठेवले.

मग काय टिकले आणि काय गेले, याचा हिशेब मांडता येतो. यामाहाच्या त्या चिपचे वर्तन हजारो लोकांना ठाऊक होते, तिची माहिती लिहिलेली होती, म्हणून चिपवाचूनही तिचा नाद टिकला. सिएराच्या फायली खेळाच्या घरातच नांदत होत्या, म्हणून खेळाबरोबर टिकल्या. ऑरियलची भाषा कुलपात होती. ती उकलायला परक्यांना वर्षे घालवावी लागली. डूमचा आवाज कराराने बांधलेला होता. तो मागे राहिला. वस्तूचे मोल किंवा तिचे सौंदर्य येथे उपयोगी पडलेले दिसत नाही. ऑरियलचे कार्ड ॲडलिबच्या कितीतरी पुढचे होते, तरी आज ॲडलिबचे सूर ऐकणे सोपे आहे.

आपल्या दप्तरखान्यांत पत्रे आहेत, बखरी आहेत. ती वाचायला मोडी जाणणारा माणूस लागतो, हे आपण उशिरा ओळखले आणि मग मोडीचे वर्ग काढले. गेल्या चाळीस वर्षांतला आपला पुष्कळ ऐवज संगणकाच्या चकत्यांवर आहे, आणि त्याचीही मोडी आहे. म्हणून जुना संगणक भंगारात देताना एवढे तरी करावे: त्याच्याबरोबर आलेली चकती आणि छापील पुस्तिका टाकून देऊ नये, चकतीची नक्कल करून तिच्यावर कार्डाचे नाव, विंडोजची आवृत्ती आणि वर्ष लिहून ठेवावे. पाचएक मिनिटांचे काम आहे. उद्या कोणा अभ्यासकाला त्या यंत्राचा आवाज ऐकावासा वाटला, तर त्याला दुभाष्याच्या शोधात दारोदार हिंडावे लागणार नाही.